गालावरची चौकट

"तोंड उघडा." नोकरीत मी सगळ्यात जास्त वेळा उच्चारलेले शब्द हेच असावेत. अजूनही लग्नाच्या पंगतीत शेजारच्या बाईनं जांभई दिली की माझी नजर आधी तिच्या गालाच्या आत जाते. सून म्हणते, "आई एक वेळ माणसाचा चेहरा विसरतील, दाढा विसरायच्या नाहीत." तिचं म्हणणं खरं आहे.

मी परिचारिका. सत्तरच्या दशकातली माझी बहुतेक वर्षं परभणीच्या एका दवाखान्यात, सर्जनसाहेबांच्या हाताखाली आणि त्यापेक्षाही जास्त ड्रेसिंगच्या खोलीत गेली. बाहेरच्या माणसाला ही खोली कळावी म्हणून सांगते. डॉक्टर रोगी बघतात, कागदावर दोन ओळी लिहितात आणि पुढच्याला हाक मारतात. जखम मात्र रोज धुवावी लागते आणि धुणारे हात रोज तेच असतात. त्यामुळे रोग्याची बायको कशी आहे, शेळ्या किती व्याल्या, कुणाचा जावई मुलीला नांदवायला तयार नाही, हे सगळं आमच्या कानावर येतं. रोगी आम्हाला 'शिष्टर' म्हणायचे आणि हक्कानं भांडायचे.

कॅन्सर हा शब्द तेव्हा आमच्याकडं कुणी मोठ्यानं बोलत नसे. "नासूर झालाय", "गाठ हाय", "तोंड आलंय" असं म्हणत. नातेवाईक दारातच मला अडवून सांगायचे, त्यान्ला काई सांगू नका. पूर्णेचा एक रेल्वेतला फिटर होता, जिभेच्या कडेला गाठ घेऊन आलेला. त्याच्या बायकोनं मला बाजूला घेऊन बजावलं, त्यान्ला कळू देऊ नका. ती बाहेर गेली तसं त्यानंही तेच बजावलं, तिला कळू देऊ नका. दोघंही मग एकमेकांसमोर पेरूच्या भावाविषयी बोलत बसले. मी कापूस कातरत होते.

आमचे सर्जन हात धुताना बोलायचे. एरवी गप्प, पण नळ सुरू झाला की माणूस सुरू. म्हणायचे, "सिस्टर, हा काही नवा पाहुणा नाही. आपल्या जुन्या वैद्यांनी त्याला अर्बुद म्हटलं. कापायचे, डाग द्यायचे, क्षार लावायचे. तिकडं ग्रीकांना त्याच्या भोवतीच्या फुगलेल्या शिरा खेकड्याच्या नांग्यांसारख्या दिसल्या, म्हणून त्याला खेकड्याचं नाव मिळालं. हजारो वर्षं माणसाकडं सुरी आणि विस्तव, दोनच गोष्टी. मग रेडियम सापडलं. आता कोबाल्टचं यंत्र आलंय."

"आणि परभणीत काय आलंय?" मी एकदा विचारलं.

"परभणीत तुम्ही आलात," असं म्हणून त्यांनी टॉवेल खुंटीला लावला.

यात थट्टा होती तितकंच खरंही होतं. आमच्याकडं एक चांगला चिमटा होता आणि फॉर्मॅलिनच्या बाटल्या होत्या. संशय आला की डॉक्टर जखमेच्या कडेचा वाटाण्याएवढा तुकडा घ्यायचे, मी तो बाटलीत टाकून झाकणाला मेण लावायची आणि बाटली तपासणीला औरंगाबादला जायची. उत्तर यायला आठवडे लागायचे. तेवढ्या दिवसांत रोगी गावी जाऊन कुठल्या तरी बाबाचा पाला बांधून घ्यायचा, आणि उत्तर आलं तरी ते घ्यायला रोगी नाही अशी गत व्हायची.

तोंडाचे रोगीच जास्त. कारण सगळ्यांच्या कमरेला होतं. तंबाखू आणि चुना मळून गालात धरायचा, कामाला लागायचं, तसंच झोपायचं. बाया सकाळी मशेरी लावायच्या आणि दिवसभर तंबाखू धरायच्या. भूक मरते, हे त्यांच्या दृष्टीनं औषधच होतं. मी "सोडा" म्हणायची, त्या "व्हय" म्हणायच्या आणि पायरी उतरल्या की कनवटीची डबी बाहेर निघायची.

झरीचा एक म्हातारा मला विसरता येत नाही. गालाला आरपार भोक पडलेलं आणि आत किडे. टर्पेंटाइनचे दोन थेंब सोडले की किडे गुदमरून वर येतात, मग एकेक चिमट्यानं काढायचा. हे काम तासभर चालतं आणि ते करताना नाक बंद ठेवायची विद्या शिकावी लागते. काम झाल्यावर मी त्याला पाणी दिलं. त्यानं पेला घेतला नाही. "तुमी कुनाच्या?" त्यानं आधी विचारलं. आम्ही छप्पन्न साली बौद्ध झालेले. मी तसं सांगितलं. तो कोरड्या तोंडानं मुलाची वाट बघत बसला. मला राग आला आणि तो मी गिळला नाही. "काका, किडे काढायला माझे हात चालतात, पाण्याला चालत नाहीत का?" असं विचारलंच. दुसऱ्या दिवशी दुसरी सिस्टर ट्रे घेऊन गेली तर म्हातारा अडून बसला, कालचीच बाई पाहिजे. पाणी मात्र तो शेवटपर्यंत मुलाच्याच हातून प्यायला. माणसं अशी अर्धी-अर्धी बदलतात, त्याला मी काय करणार.

पण मला सांगायची आहे ती सोजरबाईची गोष्ट.

दुष्काळ सरल्यावरचं दुसरं वर्ष असेल. ताडकळसजवळच्या एका वस्तीवरून ही बाई आली. घरी मेंढरं आणि शेळ्या, नवरा कळपामागं रानोमाळ हिंडणारा. बाई चाळिशीची, काटक, आवाज शेतातून हाक मारल्यासारखा. डाव्या गालाच्या आत जखम होती, कडा टणक.

"किती दिवस झाले?"

"लय न्हाई. मागल्या पाडव्यापासून."

म्हणजे वर्ष व्हायला आलं होतं. तरी तिचं नशीब म्हणायचं, मानेत गाठी नव्हत्या, म्हणजे रोग अजून पसरला नव्हता. तुकडा गेला, उत्तर आलं, आणि सोजरबाई चक्क उत्तर घ्यायला हजर होती. डॉक्टरांनी तिच्या नवऱ्याला बाहेर बोलावलं तशी ती म्हणाली, "सायेब, रोग मला हाय. मला सांगा. त्यो मेंढराचं आजारपन सुदा मलाच इचारतो." डॉक्टरांनी मग तिलाच सांगितलं. असं थेट सांगितलेला माझ्या पाहण्यातला तो पहिलाच रोगी.

तिला मुंबईच्या मोठ्या दवाखान्यात कोबाल्टचे शेक घ्यायला पाठवलं. लोक त्याला शेक म्हणायचे, कुणी लाइट म्हणायचे. प्रत्यक्षात शेकही नसतो आणि उजेडही दिसत नाही. जाड शिशाच्या पेटीत कोबाल्ट ठेवलेलं असतं, पेटीला खिडकी असते, ती नेमक्या जागेवर धरून थोडा वेळ उघडतात. किरण त्याच जागी रोज पडावेत म्हणून गालावर जांभळ्या औषधानं चौकट आखतात. ही चौकट पुसायची नाही, पाणी लावायचं नाही, तेल लावायचं नाही. अर्धे शेक झाले की तोंड आतून सोलून निघतं, म्हणून त्या काळी बऱ्याच जणांना मध्ये काही आठवडे सुट्टी देऊन घरी पाठवत.

सोजरबाई सुट्टीवर आली तो ऐन उन्हाळा होता. आधी आमच्याकडं येऊन गेली. गालावर जांभळी चौकट, गाल काळवंडलेला, पण आतली जखम निम्म्यानं आक्रसलेली. डॉक्टर खूश झाले. मी तिला पुन्हा बजावलं, चौकटीला पाणी लागू देऊ नका. ती मान हलवून गेली.

आठवड्यानं परत आली ती पदरानं तोंड झाकून. मी पदर बाजूला केला. जांभळी चौकट नव्हती. तिच्या जागी हिरवी-काळी, सुजलेली, ठसठशीत चौकट होती. दोन कोपऱ्यांत पू. बाईनं ताडकळसच्या बाजारात गोंदणारणीसमोर बसून ती चौकट गोंदवून घेतली होती! शेकानं आधीच करपलेल्या कातडीवर सुया!

"सोजरबाई, हे काय करून ठेवलंत?"

"घामानं रंग जायलता की. निम्मी रेघ गेलती." तिला माझ्या ओरडण्याचं नवल वाटत होतं. "शिष्टर, आमी मेंढरावर गेरूची खून करतो. पाऊस पडला की जाती. मंग दुसऱ्याच्या कळपात आपलं मेंढरू वळखायचं कसं? म्हून कान कापतो. कापलेला कान कुटं जात न्हाई. तितं मुंबईला गालाची हजार मानसं. रंग पुसला तर त्यान्ला कळंल का मी त्यान्ची हाय म्हून? म्हनतील, ही बाई आपली न्हाई, काडा भाईर."

चौकट कशासाठी असते हे तिला कुणी सांगितलं नव्हतं, पुसू नको एवढंच सांगितलं होतं. पुसू नये म्हणून जे करता येईल ते तिनं केलं होतं. डॉक्टर आधी हसले, मग कोपरे दाबून बघितल्यावर हसायचे थांबले. जखम चिघळली असती तर पुढचे शेक लांबले असते आणि तेवढ्यात आतली गाठ पुन्हा वाढली असती. मी तिला दवाखान्यातच ठेवून घेतलं आणि रोज दोनदा तो गाल साफ केला. त्या दिवसांत तिला किरण, पेटी, खिडकी हे सगळं काडेपेटी हातात घेऊन समजावलं. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हंजी खून मव्ही न्हवं, जागेची हाय." तिला माझ्यापेक्षा कमी शब्दांत कळलं.

सूज उतरली, ती मुंबईला गेली आणि राहिलेले शेक घेऊन आली. तिकडच्या डॉक्टरांनी तिच्या गोंदणाकडं ढुंकून न बघता आत नवी, लहान चौकट आखली होती, कारण गाठच लहान झाली होती. याचा तिला थोडा अपमान वाटला होता. पण जखम भरली. पुढच्या तपासण्यांना येऊन ती तोंड उघडायची आणि आत गुलाबी, स्वच्छ गाल दिसायचा. ड्रेसिंगच्या खोलीत असं सुख फार वाट्याला येत नाही, त्यामुळं मी गरज नसताना दोनदा बघायची.

यानंतरची दोन-अडीच वर्षं आमच्याकडं ताडकळसच्या बाजूनं तोंडाचे रोगी कमी यायला लागले. आम्हाला वाटलं, नसबंदीचे दिवस आहेत म्हणून. दवाखान्याची गाडी गावात शिरली की पुरुष ज्वारीत शिरायचे, ज्याला दाढ दुखली त्यानंही दवाखान्याचं नाव काढायचं नाही, असा तो काळ होता. तो काळ गेला आणि एक दिवस सोजरबाई आपल्या जावेला घेऊन आली. केवळबाई तिचं नाव.

केवळबाईचा गाल बाहेरून फुगून चकाकत होता. आणि त्या फुगलेल्या गालावर ताणलेली, जुनी, निळसर चौकट होती.

मला वाटलं, हिला कुणीतरी मुंबईला नेऊन आणलं असेल. "शेक कधी घेतले?" मी विचारलं.

"माजं कवाच झालंय की," केवळबाई म्हणाली. तोंड पुरतं उघडत नव्हतं, शब्द दातांतून येत होते.

"काय झालंय?"

"ह्येच." तिनं गालावर बोटं ठेवली. "वरीस झालं. सोजरीपरीस मोठी काडून घेतली. मव्हा फोड मोठा व्हता."

सोजरबाई भिंतीकडं बघत होती. त्या दिवसांत केवळबाईचा नवरा तिला दवाखान्याच्या वाटेवर येऊ देईना, आणि बाजारात गोंदणारीण होती. अशी ही एकटीच नव्हती. गोंदणारणीनं आणखी काही बायांना गालावर चौकटी काढून दिल्या होत्या. तोंडात फोड आला की चौकट, असं त्या भागात ठरूनच गेलं होतं. त्या बायांपैकी ज्यांचा फोड साधा होता तो आपोआप बरा झाला, आणि चौकटीचं नाव झालं.

डॉक्टरांनी केवळबाईची मान चाचपली. दोन्ही बाजूंना गाठी होत्या. शेक दिले तर दुखणं थोडं हटेल, बरं होणार नाही, असं त्यांनी सोजरबाईला सांगितलं. केवळबाई मुंबईला जायला तयार झाली नाही. "एकदा झालंय ते पुना कामून?" एवढंच म्हणत राहिली. मग ड्रेसिंग उरलं. सोजरबाई तिला एसटीनं आणायची, तिचं डोकं धरायची, माझा ट्रे धरायची. तिनं टर्पेंटाइनचा वास आला म्हणून कधी तोंड फिरवलं नाही.

एकदा केवळबाई बाहेर बाकावर पडली होती तेव्हा सोजरबाई मला म्हणाली, "मीच सांगितलं व्हतं, शिष्टर. बाया इचारायच्या, मुंबईला काय केलं? म्या सांगायची, काईच करत न्हाईत, निजवत्यात आन उठवत्यात. दुखत न्हाई, खुपत न्हाई. मंग बायान्ला काय दिसलं? चौकटच दिसली की."

तिचं यात काय चुकलं, हे मला तेव्हाही सांगता आलं नाही. घडलं तसंच तिनं सांगितलं होतं.

पुढची सुगी यायच्या आत केवळबाई गेली. मला फार वाईट वाटलं. रोगी जातात, त्याची सवय होते, पण या बाईला आपण उपचार घेतलाय असं वाटत असताना ती वर्षभर सुखानं तंबाखू मळत होती, हे मला सहन होत नव्हतं. काही दिवसांनी सोजरबाई एकटीच आली. गाल पुढं करून म्हणाली, "ह्ये मिटवा."

"गोंदण मिटत नाही, बाई."

"कापून काडा मंग."

"कशाला? तुम्ही बऱ्या झालात."

"गोंदन तेवडंच मेल्यावर संगं येतं म्हनत्यात. ती रिकामी चौकट घिऊन गेली, शिष्टर." आणि ती रडली. मोठ्या आवाजाची बाई, पण रडताना तिचा आवाजच फुटला नाही. मी तिच्यासाठी चहा मागवला. दुसरं काही देण्यासारखं माझ्याकडं नव्हतं.

त्यानंतर तपासणीला आली तेव्हा तिच्या गालाकडं बघून मी पुन्हा ओरडले. चौकटीच्या मागच्या कोपऱ्यापासून कानाखालून मानेपर्यंत नवं गोंदण होतं. दोन समांतर रेघा आणि त्यांच्यामध्ये आडव्या काड्या.

"पुन्हा सुया? त्या कातडीला जखम झाली तर भरायची नाही, हे मी तुम्हाला कितीदा..."

"भरली बगा," तिनं मान वळवून दाखवलं. खरंच भरली होती. तरीही मी तिला बोलायचं ते बोलले. तिनं माझं संपू दिलं.

"ही शिडी कसली?"

"शिडी न्हवं, रूळ हाय. गोंदनारनीला रूळ येत नव्हते. तिला म्हनलं, शिडी येती न्हवं? तीच आडवी काड." मग ती जरा पुढं वाकली. "बाया मव्हं तोंड आदी बगत्यात, बोलनं मागून ऐकत्यात. आता इचारत्यात, ह्ये काय? मंग सांगते, चौकटीत काई न्हाई. हितून गाडीत बसायचं. ल्हान गाडीनं मनमाड, तितून मोठ्या गाडीनं मुंबई. औषिद तितं हाय. आन गोंदनारनीला सांगून ठिवलंय, गालावर चौकट मागायला कुनी आलं की सुई ठिव आन माज्याकडं लाव."

गोंदणारणीनं हे कितपत पाळलं, मला ठाऊक नाही. तिचंही पोट त्यावर होतं. मी त्या बाजारात कधी गेले नाही. मला कळलं ते एवढंच की पुढच्या वर्षी पावसाळा उघडल्यावर एक तरुण बाई एकटीच एसटीतून उतरून विचारत विचारत आमच्या खोलीपर्यंत आली. कडेवर मूल, पदर नाकापर्यंत.

"कुणी पाठवलं?"

"रूळवाल्या मावशीनं." तिनं कानाखालून मानेपर्यंत बोट ओढून दाखवलं. "दान्यायेवडा फोड हाय, जात न्हाई. मुंबईची गाडी किती वाजता हाय, शिष्टर?"

मी आधी तिचा पदर बाजूला केला आणि खिडकीच्या उजेडात तिचे दोन्ही गाल बघितले. डावा, मग उजवा, मग पुन्हा डावा. दोन्ही कोरे होते.

"गाडीचं मागून बघू," मी म्हटलं. "तोंड उघडा."